शरीराची पढंत

यझ्मा ही म्हातारी दिसायला भयंकर आहे. काटकुळी, जांभळट कातडीची, गालफडे आत गेलेली, पापण्या नको इतक्या लांब. डिस्नेच्या २००० साली आलेल्या ‘द एम्परर्स न्यू ग्रूव्ह’ या ॲनिमेशनपटात ती कुझ्को नावाच्या उर्मट तरुण राजाची सल्लागार आहे. परस्पर कारभार हाकते म्हणून, आणि वय झाले म्हणूनही, राजा तिला हसत हसत कामावरून काढून टाकतो. ती सूड घ्यायला निघते, विषाऐवजी भलतीच कुपी राजाच्या पेल्यात रिकामी होते आणि राजाचा लामा होतो. गोष्ट लहान मुलांची आहे. पण यझ्मा बोलू लागली की मोठ्यांचेही कान टवकारतात. शब्दाच्या आरंभी तळातून आलेली गुरगुर, मध्ये मखमल आणि शेवटच्या अक्षरावर एकदम किंकाळी. एखादे अक्षर ती इतके ताणते की आता तुटणार असे वाटते, आणि नेमके तिथे ती ते सोडून देते. वाक्य संपल्यावरची शांतताही तिच्याच ताब्यात असते.

हा आवाज अर्था किटचा. चित्रपट आला तेव्हा ती ७३ वर्षांची होती. तिची ओळख करून देताना गायिका, अभिनेत्री, ‘सांता बेबी’ गाणारी, ‘बॅटमॅन’ मालिकेतली कॅटवुमन असे बरेच काही सांगितले जाते आणि ओळीच्या कुठेतरी कडेला ‘सुरुवातीला नर्तकी’ एवढे दोन शब्द येतात. हे दोन शब्द मला ओळीच्या अग्रभागी हवे आहेत. सोळाव्या वर्षी तिचे शरीर जे शिकले तेच सत्तरीनंतर तिच्या गळ्यातून बाहेर पडले, आणि ॲनिमेशनने त्याला नव्याने शरीर दिले, असे माझे म्हणणे आहे. ते पटवून द्यायचे तर तिच्या गुरूपासून सुरुवात करावी लागते, आणि वाटेत थोडे देवगिरीवरूनही जावे लागते.

अर्थाचा जन्म १७ जानेवारी १९२७चा, अमेरिकेच्या साउथ कॅरोलायना राज्यातल्या नॉर्थ नावाच्या लहानशा गावचा. ही तारीख तिला स्वतःला सत्तरीच्या सुमारास कळली. त्याच राज्यातल्या बेनेडिक्ट कॉलेजच्या विद्यार्थ्यांनी तिचा जन्मदाखला शोधून काढला, तेव्हा. आई कृष्णवर्णीय आणि चेरोकी वंशाची. बाप गोरा असावा, पण कोण ते तिला कधी समजले नाही. कापसाच्या शेतांवर राबणाऱ्या त्या मुलखात गोऱ्यांच्या लेखी ती काळी होती आणि काळ्यांच्या लेखी पुरेशी काळी नव्हती. आईने परक्या घरी ठेवून दिलेली ही मुलगी पुढे न्यूयॉर्कच्या हार्लेममध्ये नात्यातल्या बाईकडे आली. १९४३ साली मैत्रिणीने पैज लावली म्हणून ती कॅथरीन डनहॅम यांच्या नृत्यसंस्थेत चाचणी द्यायला गेली आणि निवडली गेली.

डनहॅमबाई नृत्य बसवणाऱ्या होत्या तशाच अभ्यासकही होत्या. शिकागो विद्यापीठात मानववंशशास्त्र शिकत असताना, १९३५ साली, रोझेनवॉल्ड फंडाची शिष्यवृत्ती घेऊन त्या कॅरिबियन बेटांवर गेल्या. जमैका, मार्टिनिक, त्रिनिदाद आणि मुख्य म्हणजे हैती. तिथली नृत्ये त्यांनी वहीत टिपली आणि अंगातही टिपली. अंगातले टिपण अधिक टिकाऊ ठरले. त्यातून शिकवण्याची जी पद्धत उभी राहिली ती आज ‘डनहॅम टेक्निक’ म्हणून जगभर शिकवली जाते. बॅलेचा कणा आणि आफ्रिकी-कॅरिबियन नृत्याची कंबर तिच्यात एकत्र आली आहे. या पद्धतीतल्या दोन गोष्टी मला इथे महत्त्वाच्या वाटतात. पहिली श्वास. वर्ग सुरू होतो तो श्वासापासून. हालचाल त्या श्वासावर चढवायची असते. दुसरी गोष्ट अवयव सुटे करण्याची. मान फिरते तेव्हा खांदे निश्चल, खांदे फिरतात तेव्हा बरगड्या निश्चल, बरगड्या सरकतात तेव्हा कंबर जागच्या जागी. प्रत्येक भाग असा स्वतंत्र चालवता आला, की मग कंबर एका लयीत, खांदे दुसऱ्या लयीत आणि पाय तिसऱ्या लयीत. तीन ढोलांच्या तीन लयी एकाच देहात एकाच वेळी नांदवायच्या.

न्यूयॉर्कमधल्या त्यांच्या शाळेत नृत्याबरोबर भाषा, नाट्य, मानववंशशास्त्र असे विषय असत. मार्लन ब्रँडो तिथे येत असे. संस्थेच्या कार्यक्रमांत नर्तक-नर्तकी गातही असत, आणि अर्था त्यातली ठळक गाणारी होती. ‘कॅरिब साँग’, ‘बाल नेग्र’ ही ब्रॉडवेवरची कामे, मग मेक्सिको, लंडन, पॅरिस. पॅरिसमध्ये ती संस्थेतून बाहेर पडली आणि रात्रीच्या क्लबांत एकटी गाऊ लागली. १९५०मध्ये ऑर्सन वेल्सने तिला रंगभूमीवर हेलन ऑफ ट्रॉय केले. पुढे ‘न्यू फेसेस ऑफ १९५२’, मग ‘सांता बेबी’. हा भाग सगळ्यांना माहीत आहे, म्हणून मी इथे थांबत नाही.

थांबायचे आहे ते तिच्या उच्चारापाशी. बोलताना आपली जीभ, ओठ, टाळू, गळा, छाती, पोट ही सगळी मंडळी एकमेकांना बांधलेली असतात. राग आला की सगळीच आवळतात, हसू आले की सगळीच सैलावतात. किटच्या बोलण्यात ती सुटी झालेली ऐकू येतात. श्वास संथ चाललेला असतो, त्याच वेळी जीभ ‘र’ घोळवत कडकडत असते, ओठ हसत असतात आणि गळ्यात राग दाटलेला असतो. गोड आणि हिंस्र हे तिच्याकडे एकामागून एक येत नाहीत, एकदमच येतात. कंबर एका लयीत आणि खांदे दुसऱ्या लयीत, हा धडा तोंडाच्या पोकळीत उतरला की असा आवाज तयार होतो. हा माझ्या कानाचा निष्कर्ष आहे, आणि वर्षानुवर्षे ऐकूनही तो बदललेला नाही.

आता देवगिरी. तेराव्या शतकात सिंघण यादवाच्या दरबारी शार्ङ्गदेव नावाचा विद्वान हिशेबखात्यात वरच्या हुद्द्यावर होता. घराणे मूळचे काश्मीरचे, आजोबा दक्षिणेत आलेले. वैद्यकाचे ज्ञान घरात. या हिशेबनीस वैद्याने ‘संगीतरत्नाकर’ लिहिला. सात अध्यायांचा हा ग्रंथ स्वराच्या अध्यायाने सुरू होतो आणि नृत्याच्या अध्यायाने संपतो. पण स्वरांकडे येण्याआधी शार्ङ्गदेव गर्भात देह कसा घडतो ते सांगत बसतो. अवयव, नाड्या, चक्रे. गाणे शिकायला आलेल्याला तो आधी शरीर शिकवतो. मग नादाची उत्पत्ती येते. आत्म्याला बोलावेसे वाटते, तो मनाला प्रेरणा देतो, मन देहातल्या अग्नीवर आघात करते, अग्नी वायूला ढकलतो, आणि तो वायू नाभी, हृदय, कंठ, मस्तक, मुख अशा जागा चढत नाद होऊन बाहेर येतो.

आजच्या शरीरशास्त्राला यातला अग्नी सापडणार नाही. पण श्वासपटल खाली सरकते, बरगड्या फाकतात, हवेचा दाब स्वरतंतूंना कंप देतो आणि घसा, तोंड, नाक त्या कंपाला आकार देतात, हे वर्णन वाचताना शार्ङ्गदेवाच्या पायऱ्या आठवल्याशिवाय राहत नाहीत. दोघांच्याही मते आवाज हे देहभर चाललेल्या हालचालीचे वरचे टोक आहे. त्याच्याही आधी भरतमुनींनी अभिनयाचे आंगिक, वाचिक, आहार्य आणि सात्त्विक असे चार प्रकार सांगितले, आणि वाचिकाचा विचार करताना वाणी हेच नाट्याचे शरीर असल्याचे म्हटले. शरीर सोडून कलाकार आवाजात गेला, असे वाक्य या परंपरेत वाढलेल्या माणसाला मुळात सुचायलाच नको. तरी आपण तसे बोलतो. नर्तकी नाचायची थांबली आणि डबिंग करू लागली की तिच्यापाशी आता एवढेच उरले, असा सूर लागतो.

ॲनिमेशनपटात आवाजाचे काम कसे चालते ते पाहिले तर हा सूर किती चुकीचा आहे ते कळते. डिस्नेसारख्या ठिकाणी आधी आवाज मुद्रित होतो आणि चित्र मागून येते. बहुतेक वेळा कलाकार एकटाच असतो. समोर माइक, कागदावर संवाद, काचेपलीकडे दिग्दर्शक. मुद्रण चालू असताना कलाकाराचा चेहरा आणि हात कॅमेऱ्यानेही टिपून ठेवतात. मग तो आवाज ॲनिमेटरकडे जातो. चित्रपटाच्या एका सेकंदात २४ चौकटी. कोणते अक्षर कितव्या चौकटीवर सुरू होते, कितव्यावर संपते, याचा तक्ता केला जातो आणि त्या तक्त्यावर चित्र उभे राहते. किटने एखादे अक्षर एक सेकंद ताणले, की ॲनिमेटरच्या पदरात २४ चौकटी पडतात आणि तेवढ्या वेळात ही म्हातारी मान कशी वळवेल, बोटे कशी पसरेल, पापण्या कधी पाडेल, ते त्याला शोधावे लागते. मध्येच तिने श्वास घेतला तर चित्रातल्या छातीलाही तो घ्यावा लागतो.

कथकच्या मैफलीत नर्तकी माइकपाशी येते, हाताने ताल धरते आणि बोल म्हणते. तिहाई कुठे येणार, कोणता बोल हळू आणि कोणता जोरकस, हे सगळे ती आधी मुखाने मांडते. मग मागे जाऊन तेच पायांनी करून दाखवते. ही पढंत. पढंत चांगली झाली की जाणकार प्रेक्षकाला नाच सुरू होण्याआधीच दिसू लागतो. काचेआडच्या खोलीत अर्था किट जे करत होती ती माझ्या मते पढंतच होती. फरक इतकाच की बोल म्हणून झाल्यावर मागे जाऊन नाचणारी ती नव्हती. नाचणार होते ते चित्र. रंगमंचावर वादक लय देतात आणि नर्तकी ती अंगावर घेते. इथे ती स्वतःच लय देणाऱ्यांच्या जागी जाऊन बसली. नृत्याच्या जगात ही बढती मानली जाते. पाय थकलेले गुरू तालमीत बसून बोल म्हणतात आणि त्यांच्या आवाजावर शिष्यांचे पाय पडतात, तेव्हा त्यांनी नाच सोडला असे कोणी म्हणत नाही.

यझ्माचे मुख्य ॲनिमेटर डेल बेअर होते. किटला या आवाजासाठी ॲनी पुरस्कार मिळाला आणि बेअर यांना याच पात्राच्या ॲनिमेशनसाठी. ॲनिमेशनच्या क्षेत्रातला हा मानाचा सन्मान एकाच म्हातारीसाठी दोघांना मिळावा, यात मला मोठा न्याय दिसतो. म्हणणारी आणि नाचवणारा, दोघांनाही दाद मिळाली.

याच्या उलट उदाहरण डिस्नेच्याच घरात सापडते. १९३७च्या ‘स्नो व्हाइट’साठी मार्ज चॅम्पियन ही किशोरवयीन नर्तकी कॅमेऱ्यासमोर चालली, गिरकी घेतली, झगा सावरला. हॉलिवूडमध्ये बॅले शिकवणाऱ्या अर्नेस्ट बेल्चर यांची ही मुलगी. चित्रकारांनी तिच्या हालचाली पाहून स्नो व्हाइट काढली. आवाज मात्र ॲड्रियाना कॅसेलोटी हिचा. एकीचे अंग, दुसरीचा गळा, आणि चित्रपट लागला तेव्हा श्रेयनामावलीत कॅसेलोटीचे नावसुद्धा नव्हते. ‘फँटेझिया’मधल्या नाचणाऱ्या पाणघोड्यासाठीही मार्ज चॅम्पियनच नाचली. ॲनिमेशनने सुरुवातीला नर्तकीकडे मागितले ते तिचे अंग. तिच्या आवाजातही नाच असतो ही ओळख पटायला फार वर्षे गेली.

आपल्या मातीत ही ओळख जुनी आहे. बैठकीच्या लावणीत गाणारी बसलेली असते. पाय मिटलेले, घुंगरू मुके. उरतात ते डोळे, मान, मनगट आणि आवाज, आणि तेवढ्यावर सगळी अदा उभी करायची. यमुनाबाई वाईकर वय झाल्यावरही बसल्या जागी हे करत होत्या, आणि त्यांची लावणी ऐकणाऱ्याला बसलेल्या बाईतली उभी नर्तकी दिसत असे. नुसत्या ध्वनिमुद्रणातही ती दिसते. शब्दावर घेतलेली हरकत ही खांद्याची हालचाल आहे, हे ऐकणाऱ्याला कोणी समजावून सांगावे लागत नाही.

किटच्या वाटेवर एक मांजर सतत येते. १९५७ साली ब्रॉडवेवरच्या ‘शिनबोन ॲली’मध्ये ती मेहिताबेल नावाची मांजर झाली. १९६७च्या अखेरीस ‘बॅटमॅन’मध्ये कॅटवुमन. १९९८च्या ‘द जंगल बुक: मोगलीज स्टोरी’त तिने बगीराला आवाज दिला, म्हणजे आपल्या शेजारच्या सिवनीच्या जंगलातल्या काळ्या बिबट्याला. आणि यझ्माचे शेवटी काय होते, तर भलतीच कुपी फुटून तिची इवलीशी मांजर होते. या चार मांजरांत शरीर टप्प्याटप्प्याने मागे सरते. पहिल्या दोन वेळा प्रेक्षकांना ती दिसत होती, पुढच्या दोन वेळा दिसत नव्हती. पण मांजर हलत होती ती तशीच, आधी ताण, मग झेप.

तरी या वाटेत आवाज ही नेहमी सुखाची गोष्ट नव्हती, आणि हे सांगितल्याशिवाय पुढे जाणे अप्रामाणिक ठरेल. १८ जानेवारी १९६८ रोजी व्हाइट हाउसमध्ये लेडी बर्ड जॉन्सन यांनी कर्तबगार स्त्रियांना जेवायला बोलावले. विषय होता तरुणांमधली गुन्हेगारी. किट लॉस एंजेलिसच्या वॉट्स या गरीब वस्तीत मुलांना नृत्य शिकवत होती, त्यामुळे तिला हा विषय ऐकीव नव्हता. तिची पाळी आली तेव्हा ती उभी राहिली आणि घरातली तरणी मुले व्हिएतनामच्या युद्धात पाठवली जात आहेत, त्या रागातून ही पिढी बंड करते आहे, असे तिने राष्ट्राध्यक्षांच्या पत्नीला तोंडावर सांगितले. दाखल्यावरच्या तारखेप्रमाणे आदल्याच दिवशी तिला ४१ वर्षे पूर्ण झाली होती. तिला ते माहीत नव्हते. त्यानंतर अमेरिकेतली तिची कामे एकामागून एक गेली. जवळजवळ दहा वर्षे ती युरोपात आणि इतरत्र कार्यक्रम करून जगली. सीआयएने तिच्यावर अहवाल बनवला होता आणि त्यात तिच्या खासगी आयुष्याबद्दल घाणेरडे शेरे होते, हे १९७५ साली ‘न्यूयॉर्क टाइम्स’ने उघड केले. १९७८ साली ‘टिंबक्टू!’ घेऊन ती ब्रॉडवेवर परतली. त्याच वर्षी राष्ट्राध्यक्ष कार्टर यांनी तिला व्हाइट हाउसमध्ये पुन्हा बोलावले.

एका नर्तकीच्या तोंडून निघालेल्या वाक्यांनी एवढे व्हावे, याचा विचार करताना मला पुन्हा तिच्या गुरूकडे जावेसे वाटते. ऑक्टोबर १९४४मध्ये केंटकीतल्या लुइव्हिल शहरात प्रयोग संपल्यावर डनहॅमबाई रंगमंचावरून बोलल्या. काळ्या प्रेक्षकांना वेगळे बसवणाऱ्या या थिएटरात आपण पुन्हा नाचायला येणार नाही, असे त्यांनी समोरच्यांना सांगितले. तेव्हा अर्था त्यांच्या संस्थेत होती, १७ वर्षांची. १९५१ साली चिलीत सँटियागोला बाईंनी ‘साउथलँड’ हे जमावाने केलेल्या हत्येवरचे नृत्यनाट्य उभे केले, आणि अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याने त्यांच्या संस्थेच्या दौऱ्यांना कधी पाठबळ दिले नाही. वयाच्या ८२व्या वर्षी हैतीच्या निर्वासितांसाठी त्यांनी ४७ दिवस उपोषण केले. शरीर हे बोलण्याचे साधन आहे, असे या बाई आयुष्यभर शिकवत होत्या. त्यांच्या शिष्येने भर पंक्तीत उठून बोलावे, यात मला नवल वाटत नाही. नाचणाऱ्या बाईचे अंग हवे असते, तिचे मत नको असते. किटने ते दिले आणि दहा वर्षांची किंमत मोजली.

म्हणून ॲनिमेशनमधल्या अदृश्यतेचा प्रश्न मला सोपा वाटत नाही. एक बाजू अशी की जिच्या कातडीच्या रंगावरून दोन्हीकडच्या लोकांनी तिला नाकारले, जिच्या देहाकडे रात्रीच्या क्लबांत वर्षानुवर्षे एका ठरावीक नजरेने पाहिले गेले, तिला म्हातारपणी असे काम मिळाले की जिथे नजर पोहोचतच नव्हती. जांभळ्या कातडीच्या सुरकुतलेल्या खलनायिकेच्या आड ती मनसोक्त कुरूप होऊ शकली. सुंदर दिसण्याच्या सक्तीतून नर्तकीला अशी सुटका क्वचितच मिळते. दुसरी बाजू अशी की कृष्णवर्णीय कलावंतांचा आवाज घ्यायचा आणि चेहरा बाजूला ठेवायचा, ही अमेरिकन करमणुकीची जुनी खोड आहे. दोन्ही बाजू खऱ्या आहेत. निवाडा करायचाच तर मी तो तिच्या २०००च्या दिनक्रमावरून करेन. त्या वर्षी डिसेंबरात यझ्मा पडद्यावर आली, पण त्याआधी वसंतात किट ब्रॉडवेवर ‘द वाइल्ड पार्टी’त प्रत्यक्ष उभी होती, गात होती, आणि तिला टोनी पुरस्काराचे नामांकन मिळाले होते. नंतरही ‘नाइन’मध्ये ती होती, आणि न्यूयॉर्कच्या कॅफे कार्लाइलमध्ये तिचे कार्यक्रम चालूच होते. तिला कोणी माइकच्या खोलीत ढकलले नव्हते. ती दोन्ही जागी होती.

एक हानी मात्र झाली, आणि ती मला सलते. हा चित्रपट आधी ‘किंग्डम ऑफ द सन’ या नावाने, वेगळ्या आणि गंभीर रूपात घडत होता. त्यात यझ्मासाठी स्टिंग यांनी बांधलेले ‘स्नफ आउट द लाइट’ हे गाणे होते आणि किटने ते गायलेही होते. चित्रपटाचा विनोदी अवतार ठरला तेव्हा ते गळाले. गाण्यांच्या संग्रहात तेवढे राहिले. ऐकले की कळते, इथे चित्रातली म्हातारी नाचणार होती. पढंत झाली आणि नाच व्हायचा राहिला.

पुढचे सगळे वाढत्या वयातले आहे. ‘माय लाइफ ॲज अ टीनएज रोबोट’मध्ये क्वीन व्हेक्सस, २००५च्या ‘क्रॉन्क्स न्यू ग्रूव्ह’मध्ये पुन्हा यझ्मा, आणि जानेवारी २००६पासून ‘द एम्परर्स न्यू स्कूल’ या मालिकेत आणखी यझ्मा. त्याच वर्षी २१ मे रोजी डनहॅमबाई ९६व्या वर्षी गेल्या. शिष्या तेव्हा ७९ वर्षांची होती आणि कामावर होती. या मालिकेसाठी तिला २००७ आणि २००८ अशी लागोपाठ दोन वर्षे डे-टाइम एमी मिळाली. २५ डिसेंबर २००८ रोजी मोठ्या आतड्याच्या कर्करोगाने तिचा मृत्यू झाला. तिसरी एमी २०१० साली आली, ‘वंडर पेट्स’ या चिमुकल्यांच्या मालिकेतल्या आवाजासाठी.

पुण्या-मुंबईपासून नागपूरपर्यंत आज असंख्य मुली नृत्य शिकतात. गांधर्व महाविद्यालय मंडळाच्या कथक परीक्षांत पढंत विचारली जाते, म्हणून ती परीक्षेच्या आधी घोकून घेतली जाते आणि निकालानंतर विसरली जाते. बोल तालात आले की गुरूंचे समाधान होते. श्वास कुठे घेतला, ‘धा’ पोटातून आला की नुसता घशातून, ‘तिट’ म्हणताना खांदे का उचलले गेले, हे फारसे कोणी पाहत नाही. भरतनाट्यमच्या वर्गात तर विद्यार्थिनी अनेक वर्षे तोंड उघडतच नाही. बोलतात ते गुरू. माझी नृत्यगुरूंना विनंती आहे की पहिल्या दिवसापासून मुलींना बोल म्हणायला लावा, पदाचे शब्द अर्थासकट मोठ्याने वाचायला लावा, आणि पायाची जागा तपासता त्याच कडकपणे श्वासाची जागाही तपासा. यातल्या बऱ्याच जणींचे गुडघे चाळिशीत कुरकुरतील. आवाजाची तालीम त्याआधी वीस वर्षे झालेली असू द्या.